पढवलेला घाम

प्रश्नमंजूषेतील फसवणूक हा विषय साहित्याच्या विद्यार्थ्यांनी आणि अध्यापकांनी कशासाठी मनावर घ्यावा? सामान्यज्ञानाचा खेळ, तोही दूरचित्रवाणीवरचा, तोही जवळजवळ सात दशकांपूर्वीच्या अमेरिकेतला. आपल्या गंभीर वर्तुळात असा विषय निघाला की एक मंद हसू उमटते: करमणुकीच्या बाजारात लबाडी व्हायचीच, आपण आपले काव्यशास्त्र सांभाळावे. हे हसू आम्हांस मान्य नाही. त्या प्रकरणाच्या मध्यभागी उभा असलेला माणूस इंग्रजी साहित्याचा अध्यापक होता, आणि हा निव्वळ योगायोग होता असे आम्हांस वाटत नाही. त्याला जे करायला लावले गेले तेच आपल्या वर्गांतून दरवर्षी, कोणत्याही चौकशीची भीती न बाळगता, हजारो मुलांकडून करवून घेतले जाते. म्हणून हा विषय आपला आहे. तो आपलाच सर्वांत अधिक आहे.

घडले ते थोडक्यात असे. सप्टेंबर १९५६ मध्ये एनबीसी या वाहिनीवर ‘ट्वेंटी-वन’ नावाचा कार्यक्रम सुरू झाला. दोन स्पर्धक, दोन बंद काचेरी खोल्या, एकाला दुसऱ्याचे ऐकू येत नाही. एक ते अकरा गुणांचे, चढत्या काठिण्याचे प्रश्न. आधी एकवीस गुण करील तो जिंकला. पहिला भाग खरोखरच प्रामाणिकपणे खेळला गेला आणि तो अत्यंत कंटाळवाणा झाला. स्पर्धकांना उत्तरे येईनात. पुरस्कर्ता होता जेरिटॉल नावाचे शक्तिवर्धक विकणारा औषध-उत्पादक, तो संतापला. तेव्हापासून निर्माता डॅन एन्राइट याने नशिबावर काही सोडले नाही. हर्बर्ट स्टेम्पेल हा क्वीन्समध्ये राहणारा, सैन्यातून परतून सिटी कॉलेजात शिकणारा तरुण होता. त्याची स्मरणशक्ती विलक्षण होती, तरी त्याला प्रश्न आणि उत्तरे आधी दिली गेली. त्याहून महत्त्वाचे म्हणजे त्याला अंगाबरोबर न बसणारा कोट चढवण्यात आला, केस विचित्र कापवण्यात आले, आणि कपाळ केव्हा टिपायचे, अडखळायचे कुठे, हेही शिकवण्यात आले. काचेच्या खोलीतील गारवा बंद ठेवला जाई, म्हणजे घाम आपोआप फुटे.

प्रेक्षकांना स्टेम्पेलचा कंटाळा आला तेव्हा त्याच्या जागी चार्ल्स व्हॅन डोरेन आणला गेला. कोलंबिया विद्यापीठातील अध्यापक, पुलित्झर पारितोषिक मिळालेल्या मार्क व्हॅन डोरेन या कवीचा मुलगा. देखणा, सुसंस्कृत, नम्र. त्याचा तेथील पगार वर्षाला सुमारे चार हजार चारशे डॉलर. कार्यक्रमात त्याने जिंकले एक लाख एकोणतीस हजार, म्हणजे जवळपास एकोणतीस वर्षांची कमाई. फेब्रुवारी १९५७ मध्ये ‘टाइम’ साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर तो झळकला. मार्चमध्ये हरला, अर्थात तेही ठरवूनच, आणि एनबीसीने वर्षाला पन्नास हजार डॉलर देऊन त्याला सकाळच्या कार्यक्रमात साहित्यावर बोलायला बसवले. ‘डॉटो’ या दुसऱ्या कार्यक्रमातील स्पर्धकाची उत्तरे लिहिलेली वही सापडली आणि ऑगस्ट १९५८ मध्ये सगळी इमारत कोसळू लागली. न्यूयॉर्कच्या ग्रँड ज्युरीपुढे सुमारे दीडशे साक्षीदार आले. त्यांपैकी शंभरेक जण खोटे बोलले असा सरकारी वकिलांचा अंदाज होता. व्हॅन डोरेन त्यांतलाच एक. २ नोव्हेंबर १९५९ रोजी काँग्रेसच्या उपसमितीपुढे त्याने सारे कबूल केले. विद्यापीठाची जागा गेली, वाहिनीची नोकरी गेली. खोट्या साक्षीबद्दल १९६२ मध्ये त्याने आणि इतर काहींनी गुन्हा मान्य केला. शिक्षा स्थगित झाली. गंमत अशी की प्रश्न आधी फोडणे हा त्या वेळी गुन्हाच नव्हता. तसा कायदा झाला १९६० मध्ये.

आता मुद्द्याकडे येऊ. या प्रकरणाचे सर्वमान्य वाचन असे, की उत्तरे आधी दिली गेली आणि म्हणून ज्ञानाची प्रतारणा झाली. आमच्या मते हे वाचन वरवरचे आहे. उत्तर काय, ते ज्ञानकोशात असतेच. त्याची चोरी होऊ शकत नाही. कोट्यवधी लोक आठवड्यामागून आठवडे त्या काचेच्या खोलीकडे डोळे लावून बसत ते उत्तर कळावे म्हणून नव्हे. एक माणूस विचार करताना दिसावा, म्हणून. स्मृतीच्या अंधारात चाचपडणारा, ओठ चावणारा, ‘हा भाग शेवटी सांगतो’ असे म्हणून दुसरीकडून वाट काढणारा, आणि अखेरीस सापडल्याच्या आनंदाने उजळणारा माणूस. विकला जात होता तो हा देखावा, आणि नेमका तोच बनावट होता. उत्तरे खरीच होती. खोटा होता तो उत्तराकडे जाणारा रस्ता. खोटा होता तो घाम.

यावर पहिला बचाव नेहमी येतो तो नाटकाचा. नटसुद्धा पाठ केलेलेच बोलतो, त्याचेही अश्रू तालमीतले असतात; मग व्हॅन डोरेनने असे काय वेगळे केले? साहित्याच्या माणसांना हा युक्तिवाद विशेष आवडतो, कारण त्यात थोडी विद्वत्ता मिरवता येते. परंतु तो टिकत नाही. नाटकाला आलेला प्रेक्षक तिकिटाबरोबर एक संकेत विकत घेतो. घंटा होते, पडदा वर जातो, आणि समोरचा राजा राजा नाही हे दोघांनाही ठाऊक असते. कलेतील आभास हा दोन्ही पक्षांच्या संमतीने उभा असतो. प्रश्नमंजूषेत संकेत नेमका उलटा होता: हे नाटक नाही, एवढेच तिचे भांडवल होते. बंद खोल्या, बँकेच्या तिजोरीतून आणलेले म्हणून मिरवले जाणारे प्रश्न, हे सारे त्या संकेताचे साक्षीदार. कल्पित आणि खोटे यांतला फरक ज्याला कळत नाही त्याने साहित्य शिकवू नये. आणि ज्याला तो कळतो त्याने सोयीपुरता विसरू नये.

दुसरा बचाव असा, की यात कोणाचे काय गेले? पैसे पुरस्कर्त्याचे होते, प्रेक्षकाला करमणूक मिळाली. ज्यांना असे वाटते त्यांनी स्टेम्पेलचे शेवटचे प्रश्न आठवावेत. ५ डिसेंबर १९५६ रोजी त्याला हरायला सांगितले होते. प्रश्न होता, १९५५ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर कोणाला मिळाले? उत्तर ‘मार्टी’. तो चित्रपट स्टेम्पेलचा अत्यंत आवडता होता. त्याने तो पुन्हापुन्हा पाहिला होता. त्याला उत्तर द्यायला लावले ‘ऑन द वॉटरफ्रंट’. त्याने त्या रात्री पैसे गमावले हे खरे. आमच्या मनात मात्र दुसरीच गोष्ट राहते: ज्याच्यावर आपले प्रेम आहे ते आपल्याला ठाऊकच नाही, असे त्याला साऱ्या देशासमोर दाखवावे लागले. पाठ केलेले ज्ञान मिरवणे ही एक विटंबना. परंतु असलेले ज्ञान, तेही प्रेमाने मिळवलेले, नाकारायला लावणे ही त्याहून मोठी.

याच्या उलट उदाहरण जेम्स स्नॉडग्रास या चित्रकाराचे. त्याने मिळालेली प्रश्नोत्तरे प्रक्षेपणाआधीच नोंदणीकृत टपालाने स्वतःच्या पत्त्यावर पाठवून ठेवली. ते बंद लिफाफे पुढे चौकशीत उघडले गेले आणि वाद संपला. त्यालाही एकदा हरण्याचा हुकूम झाला होता. प्रश्न एका कवितेचा होता, उत्तर एमिली डिकिन्सन. त्याने दुसरे नाव सांगायचे असे ठरलेले होते. ऐन वेळी त्याने बरोबर नाव सांगितले. या सबंध काळ्या कथेत कोणी एका कवयित्रीचे नाव जाणूनबुजून खोटे सांगायचे नाकारले, ही गोष्ट साहित्याच्या प्रत्येक वर्गात सांगण्याजोगी आहे. ती आपण सांगत नाही. आपण सांगतो व्हॅन डोरेनची शोकांतिका. रॉबर्ट रेडफर्डने १९९४ मध्ये या प्रकरणावर ‘क्विझ शो’ हा चित्रपट काढला. त्यातही आपले मन त्या देखण्या पंडितामागे जाते आणि स्टेम्पेल काहीसा हास्यास्पदच वाटत राहतो. कथनाची सहानुभूती कोणाच्या वाट्याला जाते आणि का, हे शिकवण्यासाठी याहून चांगला पाठ मिळणे कठीण.

तिसरा बचाव सर्वांत घातक, कारण तो उदात्त आहे. व्हॅन डोरेनने आपल्या साक्षीत सांगितले, की अल्बर्ट फ्रीडमन या निर्मात्याने त्याचे मन वळवले ते असे म्हणून: तू या कार्यक्रमात जिंकलास तर बौद्धिक जीवनाची, शिक्षकांची, शिक्षणाची मोठी सेवा होईल, लोकांना विद्येविषयी आदर वाटू लागेल. हा युक्तिवाद वाचताना अंगावर काटा येतो, कारण तो आपल्या परिचयाचा आहे. शाळेचा निकाल शंभर टक्के लागला पाहिजे, म्हणजे शाळेचे नाव होईल, म्हणजे गावात शिक्षणाचा प्रसार होईल. महाविद्यालयाला चांगली श्रेणी मिळाली पाहिजे, म्हणून कागदोपत्री परिसंवाद झाले पाहिजेत. विद्येच्या सेवेसाठी विद्येचे सोंग! सोंगाने विद्येविषयी आदर वाढत नाही. सोंगाविषयी आदर वाढतो, आणि पुढची पिढी सोंग शिकते.

पुणे–दौंड लोहमार्गावर यवत आणि केडगाव यांच्या दरम्यान खुटबाव हे स्थानक लागते. आम्ही त्या गावचे. ३ जुलै २००० रोजी ‘कौन बनेगा करोडपती’ सुरू झाले आणि त्याच वर्षी हर्षवर्धन नवाथे या मराठी तरुणाने त्यात पहिले एक कोटी मिळवले. त्या खेळाविषयी आमची काही तक्रार नाही. त्या सुमारास शाळाशाळांतून प्रश्नमंजूषांचे जे पेव फुटले, त्यातल्या एकीची आठवण तेवढी सांगायची आहे. स्पर्धा तालुक्यातील एका शाळेत होती, पाहुणे मोठे होते. प्रश्न आम्हांला आदल्या संध्याकाळी मिळाले. ते देताना गुरुजींनी जे सांगितले ते अजून जसेच्या तसे कानांत आहे: “लगेच बोलू नका. जरा वर बघा, थोडं थांबा, मग सांगा. पाव्हण्यांना वाटलं पाहिजे, पोरं विचार करत्यात.” गुरुजींनी एन्राइटचे नाव ऐकलेले असण्याचा संभव नाही. ते वाईट नव्हते. गावाचे नाव व्हावे एवढीच त्यांची इच्छा होती. आम्ही वर पाहिले, थांबलो, सांगितले, जिंकलो. समोरच्या संघातील एक मुलगी मात्र खरोखर विचार करीत होती. तिची तीन उत्तरे बरोबर आली, चौथ्याला ती फार वेळ थांबली, आणि घंटा झाली. खरा विचार असाच दिसतो: अनाकर्षक, आणि पुष्कळदा उशिरा. बक्षीस समारंभात ती आमच्यासाठी टाळ्या वाजवीत होती.

हे कबूल करतो ते पश्चात्तापाचे प्रदर्शन म्हणून नव्हे. त्या संध्याकाळचे प्रश्न पाच-पन्नास होते. पुढे साहित्याच्या शिक्षणात आम्हांला जे मिळाले, त्यापुढे ते काहीच नव्हते. महाराष्ट्रात शाळा शिकलेल्या कोणालाही ‘एकवीस अपेक्षित’ हे शब्द समजावून सांगावे लागत नाहीत. अमेरिकेतल्या ‘ट्वेंटी-वन’शी जुळलेला हा आकडा केवळ योगायोगाचा, पण योगायोगही कधी कधी नेमके बोलतो. अपेक्षित प्रश्नांचे संच बेकायदा नाहीत आणि सराव करण्यात काही गैरही नाही. गणिताचे, विज्ञानाचे उत्तर पाठ केले तर पाठ केलेले ज्ञान दाखवले जाते. ते उथळ असेल, खोटे नाही. पण मराठीच्या पत्रिकेत ‘रसग्रहण करा’ असे म्हटलेले असते, ‘स्वमत लिहा’ असे म्हटलेले असते. रसग्रहण म्हणजे कविता वाचताना तुझ्या मनाचे काय झाले ते सांग. स्वमत म्हणजे तुझे स्वतःचे मत. आणि हे स्वमत बाजारात छापील मिळते! तीस मुलांच्या वर्गात तीस मुले एकाच ओळीपाशी गहिवरतात, एकाच विशेषणाने भारावतात, आणि ‘कवितेने मला अंतर्मुख केले’ हे वाक्य एकाच वळणाने लिहितात. या मुलांना उत्तर दिले गेलेले नाही. त्यांना घाम दिला गेला आहे. कुठे अडखळायचे, कुठे कपाळ टिपायचे, हे त्यांना सांगितले गेले आहे.

आणि तपासणारे आपण. आपल्याला ठाऊक असते. ‘अंतर्मुख’ शब्द आला की गुण, ‘प्रतिमासृष्टी’ आली की आणखी गुण. ज्या मुलाने प्रामाणिकपणे लिहिले की ही कविता मला कळली नाही, पण तिच्यातली विहीर आमच्या विहिरीसारखी वाटली, त्याला आपण काय देतो? त्या मुलीला जे मिळाले तेच: घंटा. नंतर तेच विद्यार्थी पदव्युत्तर वर्गात येतात, पाठ्यपुस्तकी गहिवराच्या जागी नव्या समीक्षेची परिभाषा येते, आणि प्रबंधाच्या पहिल्या प्रकरणात तोच पढवलेला घाम निथळू लागतो. मग आपणच तक्रार करतो, की मुले वाचत नाहीत, त्यांना स्वतःचे काही म्हणायचे नसते. कुठून असणार? स्वतःचे म्हणणे ही जोखीम आहे, आणि जोखमीला आपल्याकडे गुण नाहीत.

यात आणखी एक बाजू आहे, आणि तिच्याविषयी गप्प बसणे आम्हांस शक्य नाही. स्टेम्पेल १९५७ पासून वृत्तपत्रांना सांगत होता, की सारे बनावट आहे. त्याचे कोणी छापले नाही. पुरावा नव्हता हे खरे. पण हेही खरे, की तो गरीब, बोलण्यात अघळपघळ आणि हरलेला होता, आणि ज्याच्याविरुद्ध बोलत होता तो कवीचा मुलगा होता. कुलीन माणसाने कपाळ टिपले तर ते चिंतन. साध्या माणसाने सत्य सांगितले तरी तो मत्सर. विकास स्वरूप यांच्या ‘क्यू अँड ए’ या २००५ सालच्या कादंबरीत याच नाण्याची दुसरी बाजू आहे: झोपडपट्टीतला मुलगा सारी उत्तरे बरोबर देतो, म्हणून त्याला अटक होते. त्याने फसवले याला पुरावा एकच, तो कोण आहे हा. ती कल्पित कथा आहे, असे म्हणून तिला बाजूला सारू नये. खुटबावसारख्या गावातून पुण्याच्या महाविद्यालयात आलेला विद्यार्थी, ज्याचे ‘न’ आणि ‘ण’ शहराच्या कानाला खटकतात, तो जेव्हा एखाद्या कवितेविषयी अनपेक्षित चांगले लिहितो, तेव्हा प्राध्यापकांच्या खोलीत पहिला प्रश्न कोणता निघतो? “हे कुठून उतरवलंय?” आणि शहरी घरातला मुलगा घरच्या कपाटातील समीक्षा नव्या शब्दांत मांडतो, तेव्हा आपण म्हणतो, काय व्यासंग आहे! फसवणूक ओळखण्याची आपली नजर अशी पक्षपाती असेल, तर तिने पकडलेल्या चोरांच्या यादीवर आमचा विश्वास नाही.

कोणी म्हणेल, तुम्ही राईचा पर्वत करीत आहात. खरे घोटाळे वेगळेच असतात. असतात हे मान्य. डिसेंबर २०२१ मध्ये पुणे पोलिसांनी शिक्षक पात्रता परीक्षेतील गैरव्यवहार उघडकीस आणला आणि ऑगस्ट २०२२ मध्ये राज्य परीक्षा परिषदेने सात हजार आठशेंहून अधिक उमेदवारांवर कारवाई जाहीर केली. शिक्षक होण्याच्या परीक्षेतच निकाल फिरवले गेले! पण हा पर्वत कोणत्या राईतून उगवला, याचाही विचार करावा. ज्या समाजात बारा-पंधरा वर्षे मुलाला शिकवले जाते, की न वाटलेले वाटल्यासारखे लिहिणे हीच विद्या, त्याला पुढे न मिळालेले गुण मिळाल्यासारखे दाखवण्यात मोठे अंतर ओलांडावे लागत नाही. दुसऱ्या प्रकारासाठी तुरुंग आहे, पहिल्यासाठी गुणपत्रिका.

व्हॅन डोरेनने कबुली दिली तेव्हा उपसमितीच्या बहुतेक सभासदांनी त्याच्या प्रांजळपणाची वाहवा केली. कोलंबियाच्या विद्यार्थ्यांनी त्याला परत घ्या म्हणून सभा भरवली. स्टीव्हन डेरूनियन नावाचा एकच सभासद म्हणाला, की एवढ्या बुद्धिमान प्रौढ माणसाने खरे सांगितले यात कौतुक करण्यासारखे काही नाही. आम्ही त्या एकट्या सभासदाच्या बाजूचे आहोत, आणि म्हणून वरच्या आमच्या कबुलीचेही कोणी कौतुक करू नये. करायचेच असेल तर दुसरे काही करावे. वर्षातून काही तास तरी अध्यापकाने वर्गात अशी कविता आणावी जी त्याने स्वतः आधी वाचलेली नाही, आणि मुलांसमोर तिच्याशी झटावे. अडावे, चुकावे, मागे यावे, ‘हे मला कळत नाही’ असे म्हणावे. विचार करणारा माणूस कसा दिसतो, हे मुलांनी एकदा तरी प्रत्यक्ष पाहावे. आणि उत्तरपत्रिकेत ‘मला कळले नाही, पण’ अशी सुरुवात दिसली, तर लाल पेन खाली ठेवून पुढचे वाक्य वाचावे.

पुढचे वाक्य बहुधा ओबडधोबड असेल. ते त्याचे स्वतःचे असेल.